पुढचीने मागे पाहायचं नसतं

मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात शेजारणीने अंगणात मोहफुलं वाळत घातली आणि माझं डोकं धरलं. नागभीडला येऊन मला चार वर्षं झाली, दरवर्षी हे होतंच. नवऱ्याला तो वास आवडतो, मनुक्यासारखा गोड आहे म्हणतो. मला तो कधीच फुलाचा वाटत नाही. कुणीतरी अगदी जवळ येऊन तोंडाने श्वास घेतंय असं वाटतं. दारं लावून घेतली तरी थोड्या वेळाने तो खोलीत असतोच. मग आठवीचे पेपर तपासता तपासता मी हटकून एकदा मागे वळून पाहते. मागे कपाट असतं, दुसरं काही नसतं.

मागे वळून पाहणं ही माझी सवय नव्हे. ती दुसऱ्या एका मुलीची होती आणि मी ती मोडली. सात वर्षांपूर्वी, असाच मोह गळत असताना. त्यानंतर महिनाभरात तिची आई गेली. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे की नाही, हे जगात एकच माणूस सांगू शकत होतं आणि त्या माणसाला विचारायची माझी सात वर्षं छाती झाली नाही. त्या मुलीला इथे वैजू म्हणते. खरं नाव वेगळं आहे. तिच्या गावाचं नाव तर सांगतच नाही. आरमोरीहून सायकलने पाऊण तासावर एक तलाव आहे, तलावाच्या पाळीवर ढिवरांची, मासे धरणाऱ्यांची, वीसेक घरं आहेत, एवढं पुरे.

आरमोरीत माझ्या अब्बांचं गाद्या-रजयांचं दुकान होतं. त्यांच्या ओळखीच्या एका व्यापाऱ्याचं धानाचं गोदाम मार्चमध्ये रिकामं व्हायचं. पोती उचलली गेली की खाली उरायची ती कोंड्याची धूळ, चार-दोन उंदीर आणि राजन्ना भाऊ. राजन्ना भाऊ तिथले चौकीदार, सिरोंचाकडचे, घरी तेलुगू बोलणारे. त्यांनी आम्हाला चुन्याने रेषा मारून दिल्या. जाळी वैजूच्या वडिलांनी विणली, मासे धरायच्या जाळ्याच्या दोऱ्याने, आणि इतकी सुबक की विकतची झक मारेल. पहिले आठ दिवस गोदामातली मांजरं त्या जाळीखाली येऊन बसायची. आशेला मरण नाही.

बॅडमिंटन आम्ही कॉलेजात शिकलो, म्हणजे कुणी शिकवलं नाही, आमचं आम्हीच. एप्रिलअखेर चंद्रपूरला खुल्या स्पर्धा होत्या आणि महिला दुहेरीत उतरायचं असं आम्ही ठरवून टाकलं होतं. परीक्षा डोक्यावर होत्या. अब्बा म्हणायचे, "बेटा, दोनों हाथ में लड्डू नहीं आते." मी म्हणायचे, आते हैं. सकाळी सहाला वैजू सायकलने यायची. पलीकडच्या बाजूने राजन्ना भाऊ माशी मारल्यासारखी रॅकेट हलवत फुलं, म्हणजे शटल, टाकायचे आणि अलीकडे आम्ही दोघी. मी उंच, म्हणून मागे. वैजू बुटकी आणि चपळ, म्हणून पुढे, जाळीपाशी.

त्या गोदामाची एक खोड होती. वर सगळं पत्र्याचं छप्पर. फूल मारलं की टण्ण आवाज व्हायचा आणि एका क्षणाने तोच आवाज माझ्या पाठीमागच्या भिंतीतून परत यायचा, थोडा मऊ होऊन. खेळणाऱ्या आम्ही दोघी, पण कान मिटून घेतले नाहीत तर कोर्टावर चौघी आहेत असं वाटायचं. राजन्ना भाऊंना विचारलं तर म्हणाले, "खाली घर हाय न. खाली घरात कोनी न कोनी राह्यतेच." आणि विडी पेटवली. खाली म्हणजे रिकामं. मी हसले. वैजू हसली नाही.

आमचा गुरू माझ्या मोबाइलमध्ये होता. जपानची एक महिला दुहेरीची जोडी, तेव्हा फारशी कुणाला माहीत नसलेली, पहिल्या-दुसऱ्या फेरीत हरून घरी जाणारी. त्यांची नावं आम्हाला धड उच्चारता येईनात, म्हणून उंच ती मागची आणि बुटकी ती पुढची. पुढचीच्या कपाळावर कापलेले केस, चेहऱ्यावर कसला म्हणून भाव नाही, आणि प्रत्येक सर्व्हिसच्या आधी ती मूठ आवळून एकच शब्द ओरडायची. इप्पोन का असंच काहीसं. आम्ही तो ऐकत बसलेलो असताना राजन्ना भाऊ मागून डोकावले आणि एकदम खूश झाले.

"अरे, हे बाई त आमच्या भाषेत बोलून राह्यली! इप्पा मनते. इप्पा मंजे मोह."

"जपानात मोह आहे का भाऊ?" मी विचारलं.

"नसन. मनूनच त मांगून राह्यली बिचारी."

त्या दिवसापासून आमचीही हाक तीच झाली. सर्व्हिसच्या आधी वैजू मूठ आवळायची आणि ओरडायची, "इप्पा!" मागची भिंत हळूच म्हणायची, इप्पा. हसू यायचं, पण भिंतीच्या त्या आवाजावर माझ्या हातावरचे केसही उभे राहायचे. तो आवाज वैजूसारखा नव्हता, वयस्क होता.

मोबाइलवर खेळ हळू करून पाहताना मला एक गोष्ट सापडली होती. पुढची कधीही मागे पाहत नाही. फूल तिच्या डोक्यावरून मागे गेलं की ते आता मागचीचं. मागे काय चाललंय हे तिने आवाजावरून ओळखायचं, डोळे मात्र समोर. वळून पाहिलं तर तेवढ्यात फूल परत येऊन पडतं, आणि मागून येणारा फटका थेट डोळ्यात बसू शकतो. वैजू नेमकी हीच चूक करायची. दर फटक्याला गर्रकन मान वळवायची. एकदा माझा फटका तिच्या डोळ्याखाली दोन बोटांवर बसला. गाल टम्म सुजला. मी रडकुंडीला आले आणि चिडलेही.

"काऊन पाहतेस वं मांगं? मी आहे न तिथी!"

"मालूम आहे न मले," ती गाल धरून म्हणाली, "पन मान जाते. दहा पावलं, एक नजर. माय लहानपनापासून तेच शिकवते."

तिच्या गावात मूल चालायला लागलं की पहिली शिकवण ही. जंगलाच्या वाटेवर दहा पावलं चालायचं आणि एकदा मागे पाहायचं. थो पाठीमागून येतो. वाघ हा शब्द त्या घरांमध्ये कुणी उच्चारत नाही. थो म्हणतात, फार तर मोठा. तो डोळ्याला डोळा दिला तर येत नाही, पाठ दिसली तर येतो. त्या वर्षी गावोगावी बायकांना मुखवटे वाटले होते. प्लास्टिकचे, माणसाच्या चेहऱ्याचे, मिशीवाले. ते डोक्याच्या मागच्या बाजूला बांधायचे, म्हणजे त्याला वाटावं की हे माणूस मागेही बघतंय. वाटेने सरपणाला निघालेल्या बायकांची रांग मी तेव्हा एकदा पाठमोरी पाहिली. लुगडी, वेण्या आणि वेण्यांवर सहा एकसारखे मिशीवाले पुरुष माझ्याकडे टक लावून बघत दूर दूर चालले होते. 

आणि ते पाहूनच मला ती युक्ती सुचली. तेव्हा माझं मलाच कौतुक वाटलं होतं, खोटं कशाला सांगू.

"तुझा मुखवटा घेऊन ये," मी वैजूला म्हटलं. "तो बांधून खेळ. तुझ्या मागं डोळे आहेत न, मंग तुले पाहाची गरज काय?"

तिने तो बांधला. तीन आठवडे रोज सकाळी मी मागे उभी राहायचे आणि समोर वैजूच्या डोक्यामागे तो चेहरा. छापील डोळे, गुलाबी ओठ, मिशी. ती वाकली की तो छताकडे बघायचा, ती उसळली की माझ्यावर यायचा. फटका मारताना मला समोर तेच दिसायचं. घामाने त्याचा रंग ओघळू लागला, एका डोळ्यातून काळी रेघ गालावर आली. कधी कधी वाटायचं की वैजू पलीकडे तोंड करून उभीच नाही, हीच वैजू आहे, आणि हिने आतून कुठली तरी वेगळी बाई लपवलीय. पण मान थांबली. चौथ्या आठवड्यात मुखवटा काढला तरी मान वळेना. मी तिला मिठी मारली. राजन्ना भाऊंनी टाळ्या वाजवल्या आणि मागच्या भिंतीनेही.

वैजूची माय, तिला पार्बताबाई म्हणू, तो मुखवटा बांधायची नाही. मी एकदा पहाटे त्यांच्याबरोबर मोह वेचायला गेले तेव्हा विचारलं होतं. ती म्हणाली, "मोहाखाली जातो त देवाखाली जातो बाई. देवापुढं दोन तोंडानं कशी जाऊ?" आणि मग माझी थट्टा केली, "तुमच्या जपानवालीनं मोह मांगतला मने? सांग तिले, वेचाले ये. आयता नाई भेटत."

ती पहाट मी विसरत नाही. झाडाखालचा पाचोळा आदल्या दिवशी जाळलेला, त्यामुळे जमीन काळी, आणि त्या काळ्यावर फिकट फुलं. अजून तांबडं फुटायचं होतं. वारा नव्हता, पाखरू नव्हतं. नुसती फुलं पडत होती. टप्. मग पलीकडे टप्. मग माझ्या मागे. मऊ पंजाने कुणी झाडाभोवती फिरतंय आणि आपल्याला कळू नये म्हणून प्रत्येक पाऊल वेगळ्या जागी टाकतंय, असा तो आवाज. मी दर टप्ला वळत होते. पार्बताबाई मला हसत होती. खाली वाकून फुलं वेचता वेचता तिची नजर मात्र ठरल्यासारखी मागे जाऊन येत होती, श्वास घ्यावा तशी. वैजूची जात नव्हती, निदान मला तशी दिसली नाही. माझ्या ते लक्षात आलं आणि मला, अल्ला माफ करे, बरं वाटलं.

स्पर्धेला नऊ दिवस होते तेव्हा वैजू सकाळी आली नाही. दहाच्या सुमारास राजन्ना भाऊ दुकानात आले आणि अब्बांशी हळू आवाजात बोलले. अब्बांनी हातातली सुई गादीत खोचून ठेवली. मोह वेचून परतताना झालं होतं. पायवाट, पुढे वैजू, मागे माय, दोघींच्या डोक्यावर टोपल्या. वैजू एकटीच गावात आली होती.

तिसऱ्या दिवशी मी अब्बांबरोबर गेले. वैजू भिंतीला टेकून बसली होती. तिने सगळ्यांना सांगितलं होतं तेच मला सांगितलं, तेवढंच, पाठ केल्यासारखं. "आवाज आला. मले वाटलं, माय आहे. मी मांगं पाह्यलंच नाई." वडील दाराशी बसून होते, हातात जाळ्याची सुई होती पण विणत नव्हते. मी निघताना तिच्या मावशीने मला अंगणात गाठलं.

"तूच न ते खेळवाली?" ती म्हणाली. "पोरीची मान बांधून टाकली तुमच्या खेळानं. दहा पावलं, एक नजर. एकदा पाह्यलं असतं त थो आला नसता."

  वाघ पाठ बघून येतो आणि डोळे बघून थांबतो हे त्या गावाला ठाऊक होतं. मलाही ठाऊक होतं. तरी मी गावभरच्या शहाणपणावर माझ्या मोबाइलचं शहाणपण बसवलं. चंद्रपूरच्या यादीत आमच्या नावांपुढे गैरहजर लिहिलं गेलं असेल. मी पुन्हा रॅकेट हातात घेतली नाही. वैजूनेही नाही. ती बाजारात मासे विकायला बसू लागली, मी बी.एड. करून इकडे आले. माहेरी गेल्यावर कधी गाठ पडली तर कशी आहेस, बरी आहे. तिचे वडील दिसले तर ते मान फिरवत, मीही फिरवत असे.

मात्र त्या जपानच्या पुढचीला मी सोडलं नाही. का, ते सांगता यायचं नाही. जखमेवरची खपली काढत बसायची काहींना सवय असते, तशातलं ते असेल. त्याच वर्षाच्या शेवटी ती जोडी जिंकू लागली. मोठमोठ्या दिव्यांखाली, भरलेल्या प्रेक्षागृहांत, ती मूठ आवळून तोच शब्द ओरडायची आणि मी घरात आवाज बंद करून बघायचे. तिची मान कधीच वळली नाही. मग मागचीचा गुडघा गेला. एका सामन्यात पुढची जाळीपाशी वाट पाहत उभी, आणि मागून फटकाच येईना. ती तशीच समोर बघत उभी राहिली, किती तरी वेळ. मागची खाली पडली आहे हे सगळ्या प्रेक्षागृहाला दिसत होतं, फक्त हिला दिसत नव्हतं. त्या रात्री माझा डोळा लागला नाही. मागची खेळातून गेली. हिने वर्षभर काही खेळलं नाही, मग एका पोरसवदा मुलीबरोबर उतरली, आणि आता हीच मागे उभी राहू लागली. मधल्या काळात मला कुठेतरी कळलं की इप्पोन म्हणजे एकच, हा एवढा एक गुण. त्यात मोहबिह काही नव्हता. कळल्यावर उगाच फसवल्यासारखं वाटलं.

या मार्चमध्ये तिने खेळ सोडला. शेजारणीची मोहफुलं अंगणात, दारं बंद, आणि मोबाइलवर तिचा निरोप. दुपारचे तीन वाजले असतील. ती माइकपुढे उभी होती, कपाळावरचे केस तसेच, चेहरा तसाच कोरा. खाली उमटणाऱ्या मोडक्यातोडक्या भाषांतरातून मला एवढं लागलं: इतकी वर्षं मी पुढे उभी राहिले, पण खेळताना माझ्या मागचीचा चेहरा कसा दिसतो ते मी कधी पाहिलंच नाही. एवढं बोलून तिने मान वळवली. मागे निळा पडदा होता. त्या पडद्याकडे ती इतकी रोखून बघत राहिली की मीही मोबाइलच्या काचेत, तिच्या खांद्यामागे, कुणी उभं आहे का ते शोधू लागले. मग माझ्या स्वतःच्या पाठीवर काटा आला. मी वळले नाही. उठले, नवऱ्याला म्हटलं, उद्या रविवार आहे, मी आरमोरीला जाऊन येते.

बाजारात वैजू नेहमीच्या जागी होती. पुढ्यात कापायचा विळा, दोन पाट्या मासे. मी मासे घ्यायला आले नाही हे तिला चेहऱ्यावरून कळलं असावं. तिने माझ्यासाठी पोतं अंथरलं.

"वैजू, एक विचाराचं आहे. सात वर्षं झाली," मी म्हटलं. "त्या दिवशी तू मांगं पाह्यलं नाई, ते माह्यामुळं का?"

ती माशाची खवलं काढत होती, काढतच राहिली. मग हात धुतले. पदराला पुसले.

"मी पाह्यलं होतं, नसीम."

बाजारातला गलका चालू होता, पण मला तो ऐकू येईना.

"सवय गोदामात मोडली होती. जंगलात कायची मोडते?" ती म्हणाली. "आवाज आला न मी गर्रकन मांगं पाह्यलं. माय खाली होती. तिनं मले पाह्यलं. तोंड उघडं होतं, पन आवाज नोता. मी उभी राह्यली. मंग पळाली. टोपली बी नाई टाकली वं डोस्क्यावरची. टोपली धरून पळाली. घरी येऊन पाह्यलं त एक फूल सांडलं नोतं."

मी तिचा हात धरायला गेले. तिने तो मागे घेतला.

"सारे इचारत होते, तुले कळलं कसं नाई? का सांगू? माय पाहत होती न मी पळाली, मनून सांगू? त मनलं, पाह्यलंच नाई. नसीमनं सवय मोडली. तुह्यं नाव मीच सांगतलं. मावशीनं थेच धरून ठेवलं."

मला काय वाटलं ते लिहायलाच हवं. आधी हलकं वाटलं. सात वर्षांचं ओझं एका वाक्यात उतरलं आणि त्या क्षणी मला पार्बताबाई आठवली नाही, वैजू दिसली नाही, फक्त मी सुटले एवढंच वाटलं. मग त्याची लाज वाटली. ही बाई सात वर्षं ते उघडं तोंड रोज बघत मासे तोलतेय, आणि मी हलकी होऊन बसलेय.

"घरी सांगतलं कधी?" मी विचारलं.

तिने मान हलवली, नाही. पुढे काही बोलणार तोच तिचे वडील मासळीची तिसरी पाटी घेऊन आले. खूप वाळले होते. मला पाहिलं, नेहमीसारखी मान फिरवली, पाटी खाली ठेवली आणि निघाले. मला वाटतं वैजूने श्वास रोखून धरला होता. मी उठून त्यांच्यासमोर उभी राहिले.

"काकाजी," मी म्हटलं, "वैजूची सवय मी मोडली होती. मले माफ करा."

ते थांबले. मला वाटलं, आता शिवी देतील, आणि ती मी घेणार होते. पण त्यांनी कितीतरी वर्षांनी माझ्याकडे सरळ पाहिलं.

"पहिले लय राग होता तुह्यावर," ते म्हणाले. "मंग इचार केला. पाह्यलं असतं पोरीनं, त जगली असती का थे? रोज रात्री मी हेच मनतो, माह्या पोरीनं थे पाह्यलं नाई. तेवढं त तुह्या खेळानं केलं, बाई."

मी म्हटलं, "हाव काकाजी." वैजू गिऱ्हाइकाला मासे तोलून देत होती. तिने मान वर केली नाही.